निशाणी पाच

यावल तालुक्यात दुसऱ्याच्या वहिवाटीच्या रस्त्यात चर खोदायचा, तर आधी मुहूर्त पाहावा लागतो. शुक्रवारची संध्याकाळ चांगली. पुढचा शनिवार महिन्यातला दुसरा किंवा चौथा असेल तर फारच चांगली, कारण त्या शनिवारी कोर्टाला सुट्टी असते. त्यात सोमवारी एखादा सण येऊन पडला, तर असा योग वारंवार येत नाही म्हणून जेसीबीवाला भाडं वाढवून सांगतो. मे महिन्यातली कोर्टाची लांब सुट्टी म्हणजे तर सिंहस्थच. एरवी मंगळवारी बोलावलं की गुरुवारी उगवणारा हा माणूस शुक्रवारी सहाच्या ठोक्याला, वकीलसाहेब काळा कोट खुंटीला अडकवायच्या आत, बांधावर हजर असतो. सोमवारी उजाडेपर्यंत चर खोदून होतो, पलीकडे केळीची रोपं लागतात, त्यांच्या बुडाशी ठिबकची नळी अंथरली जाते आणि रोपांवर थोडी धूळसुद्धा उडवली जाते. नवं दिसू नये म्हणून.

ज्याचा रस्ता गेला तो आधी पोलीस ठाण्यात जातो. तिथे त्याला बसायला खुर्ची मिळते, पाणी मिळतं आणि "हा दिवाणी मामला आहे, कोर्टात जा" हे उत्तर मिळतं. मग तो कोर्टात येतो आणि 'स्टे' मागतो. कागदावर त्या स्टेचं नाव तूर्तातूर्त मनाई हुकूम. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८, आदेश ३९, नियम १ आणि २. पण वकिलांच्या तोंडी हे लांबलचक नाव कधी येत नाही. ते म्हणतात, निशाणी पाच. दाव्यातल्या कागदांना निशाणी क्रमांक पडत जातात. दावा स्वतः एक, आणि मनाईचा अर्ज आपल्याकडे रिवाजाने पाचव्या जागी. "पाचचं काय झालं?" असं एक वकील जिना चढताना विचारतो, दुसरा जिना उतरताना मान हलवतो आणि दोघांना सगळं कळतं. मूळ दावा चालेल तेव्हा चालेल. खरं युद्ध पाचवर होतं. पाच मिळालं की पक्षकार पेढे वाटतो, आणि दाव्याचं पुढे काय झालं हे त्याच्या नातवाला विचारावं लागतं.

नमुन्यासाठी दोन शेतकरी घेऊ. एकाचं शेत रस्त्याला लागून, दुसऱ्याचं त्याच्या मागे. पहिल्याला पुढचे म्हणू, दुसऱ्याला मागचे. खरी नावं लिहिली तर उद्या बेलीफ माझ्याच अंगणात उभा राहील, आणि तो आला की शेजारी माझं नावसुद्धा ओळखणार नाहीत, हा अनुभव गावाला आहे. समन्स घेऊन आलेल्या बेलिफाला गाव कधीच सापडत नाही. ज्याच्या ओट्यावर बसून तो पाणी पितो, तोच माणूस त्याला "ते तर सुरतेला पोरीकडे गेले" असं सांगतो. शेवटी दोन पंचांच्या सह्या घेऊन तो नोटीस दारावर डकवतो, आणि तो एसटीत बसला की ओट्यावरचा माणूस उठून आपल्याच दारावरची नोटीस वाचतो.

तर पुढचे आणि मागचे. दोघांचे आजोबा सख्खे भाऊ. उत्तरेला सातपुडा, दक्षिणेला तापी, मधल्या काळ्या जमिनीचा एक चांगला तुकडा. वाटणी झाली तेव्हा सगळं लिहून झालं: विहिरीच्या पाळ्या, बांधावरच्या आंब्याचे आंबे, गोठ्यातली गव्हाणसुद्धा. रस्ता तेवढा लिहिला नाही. तेव्हा भाऊ एकमेकांशी बोलत होते.

कायद्याला अशा भावांची कल्पना फार पूर्वीपासून आहे. १८८२ चा सुविधाधिकार कायदा, जो आपल्या मुंबई इलाख्याला १८९१ मध्ये लागू झाला, त्याचं कलम १३ सांगतं की वाटणीमुळे एकाचं शेत दुसऱ्याच्या शेतामागे अडकलं आणि वाट दिल्याशिवाय ते कसताच येत नसेल, तर ती वाट कागदावर नसली तरी आहे. त्याला गरजेचा हक्क म्हणतात. कलम १५ चा दुसरा हक्क वहिवाटीचा: वीस वर्षं उघडपणे, शांतपणे, अडथळ्याविना आणि हक्क म्हणून वापर. यातलं 'हक्क म्हणून' फार घात करतं. मागच्यांचे वडील पुढच्यांच्या वडिलांना रोज सकाळी "राम राम, जाऊ का?" असं म्हणून जात असत. ते सौजन्य होतं की परवानगी, यावर दोन्ही वकिलांचा अर्धा तास जाऊ शकतो. परवानगीने चाललेला माणूस वीस काय, ऐंशी वर्षं चालला तरी हक्काला पोचत नाही. म्हणून माझं प्रामाणिक मत आहे की भाऊबंदांच्या शेतातून जाताना राम राम करू नये. किंवा करावा, पण 'जाऊ का' म्हणू नये.

मागच्यांचा दावा तयार होतो. दाव्याची भाषा बसलेली आहे, त्यात लेखकाला काही करावं लागत नाही. वादी हा साधा, सरळ व कायद्यास मानणारा शेतकरी असतो. प्रतिवादी हा आडदांड, खुनशी व धनदांडगा असतो. काही दिवसांनी प्रतिवादीची कैफियत येते. तिच्यात वादीचा संपूर्ण मजकूर खोटा, खोडसाळ व लबाडीचा असून तो प्रतिवादीस मान्य व कबूल नसतो. या संपूर्ण मजकुरात आजोबांचं नाव आणि दोघांचं आडनावही असतं, पण तपशिलात कोण शिरतो? रस्ता अडण्याचं खरं कारण मात्र दोन्ही कागदांत सापडत नाही. ते सहसा लग्नातल्या मानपानात असतं, किंवा ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत. 'प्रतिवादीच्या पुतणीच्या हळदीला वादीस फोनवर बोलावले, घरी येऊन पत्रिका दिली नाही' हे दाव्याचं कारण म्हणून कोणत्याही कोर्टात चालत नाही. म्हणून 'दाव्यास कारण' अमुक तारखेला, चर खोदला तेव्हा घडतं.

बरं, कोर्टात येण्याआधी मागच्यांना आणखी एक दार होतं आणि त्याचाही आकडा पाचच आहे. मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६, कलम ५. मामलेदार जाऊन तहसीलदार आले, कचेरीवरची पाटी बदलली, पण कायद्यात साहेब अजून मामलेदारच आहेत. असलेला रस्ता कोणी अडवला तर या कलमाखाली तहसीलदार अडथळा काढायला लावू शकतात. फक्त अडवल्यापासून सहा महिन्यांत जावं लागतं. मुळात रस्ताच नसेल आणि बांधावरून नवा हवा असेल, तर जमीन महसूल संहिता १९६६, कलम १४३. तिथे तहसीलदारांनी शेतकऱ्याची वाजवी गरज पाहायची. त्यांचा निर्णय पटला नाही तर एका वर्षात दिवाणी दावा. म्हणजे फिरून पुन्हा निशाणी पाच. पाचामुखी परमेश्वर म्हणतात. इथे दोन पाच आहेत आणि दोघांची मुखं वेगवेगळ्या इमारतींत.

यात पक्षकाराची फसगत ठरलेली. ज्याचा रस्ता अडवला तो १४३ खाली नवा रस्ता मागतो. झालं! पुढच्यांचे वकील तो अर्ज जपून ठेवतात आणि वर्षभराने कोर्टात दाखवतात: "साहेब, नवा रस्ता मागितला म्हणजे जुना नव्हताच, हे यांनी स्वतःच कबूल केलंय." मागचे कपाळाला हात लावतात. तो अर्ज त्यांना तहसीलबाहेरच्या एका माणसाने भरून दिलेला असतो. छापील नमुना तोच शिल्लक होता.

आता पाचची सुनावणी. न्यायाधीशांना या टप्प्यावर रस्ता कोणाचा हे ठरवायचंच नसतं. त्यांना तीन प्रश्न विचारायचे असतात आणि १९९२ च्या निकालसंग्रहात छापलेल्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने ते पुन्हा नीट मांडून दिले आहेत. प्रथमदर्शनी काही केस दिसते का? सोयीगैरसोयीचा तोल कोणाकडे झुकतो? आणि हुकूम नाही दिला तर पैशाने भरून न येणारं नुकसान होईल का? हेच प्रश्न गावच्या पारावर म्हातारी माणसं विचारत आली आहेत. फक्त तिथे प्रथमदर्शनी केस म्हणजे "याचा बाप कसा होता?" असं असतं.

पहिल्या प्रश्नासाठी शपथपत्रं लागतात. आजूबाजूचे चार शेतकरी मागच्यांसाठी शपथेवर सांगतात की रस्ता पूर्वापार आहे. दुसरे चार पुढच्यांसाठी शपथेवर सांगतात की तिथे रस्ता कधीच नव्हता. आठही शपथपत्रं कोर्टाबाहेरच्या एकाच टायपिस्टकडे, एकाच संगणकात, आधीच्या पक्षकाराचं नाव पुसून तयार झालेली असतात. एका शपथपत्रात घाईत तिसऱ्याच गावाचा गट नंबर राहून जातो. पाचव्या निशाणीला सहसा उलटतपासणी नसते, सगळं कागदावर चालतं, त्यामुळे साक्षीदारही मोकळेपणाने खरं बोलतात. एका बाबांना मी विचारलं होतं, "आबा, तुम्ही दोघांना कसं काय लिहून दिलं?" आबा म्हणाले, "दोघंही घरी आले व्हते. नाही कसं म्हनू?"

फोटोही असतात. मागच्यांच्या फोटोत ट्रॅक्टर उभा असतो आणि त्यामागे रस्ता. पुढच्यांच्या फोटोत तीच जागा, पण केळी. अलीकडे पक्षकारांची मुलं उपग्रहावरची जुनी चित्रंही काढून आणतात. ही आमच्या भागात फारशी उपयोगी नाहीत. केळीचं पान एवढं पसरतं की वरून पाहिलं तर यावल ते रावेर सगळं हिरवंच दिसतं. शिवाय असल्या इलेक्ट्रॉनिक पुराव्याला प्रमाणपत्र जोडावं लागतं. पूर्वी ते पुरावा कायद्याच्या ६५-ब खाली असे, १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ खाली असतं. काही अर्जांत दोन्ही कलमं लिहिलेली असतात. एक तरी लागेल.

गोव्यातल्या असल्याच एका वाटेचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला होता. निकाल २००५ च्या निकालसंग्रहाच्या पहिल्याच खंडात छापला आहे. वहिवाटीचा हक्क मागणाऱ्याने कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत वाट वापरली ते नेमकं लिहिलं पाहिजे, असं न्यायालयाने तिथे सांगितलं, आणि ते लिहिलं नव्हतं म्हणून मागणारा हरला. तेव्हापासून आमच्याकडचे वकील पक्षकाराला तारीख विचारू लागले. पक्षकार म्हणतो, "माह्या आज्यापासून." वकील म्हणतात, आजा कोणत्या साली? मग घरातला सगळ्यात म्हातारा माणूस आठवून सांगतो की फैजपूरला काँग्रेसचं अधिवेशन भरलं, त्याच्या आदल्या साली. हे अधिवेशन डिसेंबर १९३६ मध्ये भरलं, खेड्यात भरलेलं ते काँग्रेसचं पहिलं अधिवेशन, अध्यक्ष जवाहरलाल नेहरू. तेव्हा हजारो माणसं चहूकडून फैजपूरला आली, आणि आली म्हणजे कुठल्या ना कुठल्या वाटेने आलीच. नेहरू याच बांधावरून गेले, असं अजून कोणी दाव्यात लिहिल्याचं माझ्या ऐकिवात नाही. पण प्रतिवादीने फार ताणलं तर तेही वाचायला मिळेल.

दुसरा प्रश्न सोयीचा. इथे मागच्यांची बाजू भक्कम. केळीचा घड वीस-पंचवीस किलोचा असतो. गाडी बांधापर्यंत आली नाही तर मजूर तो डोक्यावर वाहून आणतात, आणि अंतर वाढलं की मजुरी वाढते, घड खरचटतात, खरचटलेल्या केळीला व्यापारी नाक मुरडतो. पावसाळ्यात काळ्या मातीत मजुराचे पायच रुततात. पुढचे यावर म्हणतात, यांना दुसरा रस्ता आहे, नाल्यातून. तो आहे, हे खरं. फेब्रुवारीपासून मेपर्यंत तो रस्ता असतो आणि मग नाला असतो. सोयीचा तोल कोणीकडे झुकतो हे हुकूम कोणत्या महिन्यात लिहिला जातो यावर थोडंसं अवलंबून राहतं, असं म्हटलं तर न्यायसंस्थेचा अवमान होईल. म्हणून म्हणत नाही.

पुढच्यांच्या वकिलांकडे मात्र एक हुकमी पान असतं, कलम २८. एका प्रकारच्या वाटेचा हक्क असला म्हणून दुसऱ्या प्रकारच्या वाटेचा मिळत नाही. म्हणजे पायवाटेच्या हक्कावर बैलगाडी नेता येत नाही. मग बैलगाडीच्या हक्कावर दहा टन केळी भरलेली ट्रक? वकील उदार होऊन सांगतात, "साहेब, यांनी बैलगाडी आणावी. आमची काहीच हरकत नाही." कोर्टात हशा पिकतो. बैलगाडी आता पोळ्यालासुद्धा कोणाची तरी मागून आणावी लागते. १८८२ साली कलकत्त्यात बसून कायदा लिहिणाऱ्यांना ट्रक माहीत नव्हती, ऊतिसंवर्धित रोप माहीत नव्हतं, आणि केळीचा भाव रात्रीतून पडतो हेही माहीत नव्हतं. मात्र भाऊ कसे असतात हे त्यांना पक्कं माहीत होतं. त्यामुळे एवढ्या वर्षांनंतरही कायदा कामाला येतो.

तिसरा प्रश्न, भरून न येणारं नुकसान. यावर केळीवाला शेतकरी जन्मजात तज्ज्ञ आहे. मे महिन्यात पंचेचाळीस अंशांचं ऊन, जूनच्या तोंडावर वादळ; उभी बाग दहा मिनिटांत आडवी होते. पण कोर्ट विचारतं, घडाचं वजन ठरलेलं, भाव ठरलेला, मग नुकसान पैशात का मोजता येणार नाही? मागच्यांना हे कळत नाही. पैशात मोजता येतं म्हणूनच तर ते रडत असतात.

एवढं सगळं ऐकायला वेळ लागणार, आणि घड थांबणार नाहीत, म्हणून समोरच्याला न ऐकताही लगेच हुकूम देण्याची सोय नियम ३ मध्ये आहे. पण न्यायाधीशांनी त्याची कारणं लिहायची, वादीने अर्जाच्या, दाव्याच्या सगळ्या प्रती ताबडतोब समोरच्याला पाठवायच्या आणि पाठवल्याचं शपथपत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी द्यायचं. असा एकतर्फी हुकूम झाला की नियम ३-अ म्हणतो, तीस दिवसांत अर्ज निकाली काढा. नाही जमलं तर का नाही ते लिहा. हे दुसरं वाक्य सगळ्यांच्या मदतीला येतं. पुढचेही गाफील नसतात. ते चर खोदायच्या आधीच कलम १४८-अ खाली कॅव्हेट लावून ठेवतात: आम्हाला ऐकल्याशिवाय काही करू नका. कॅव्हेट नव्वद दिवस जगतं. त्यामुळे कोर्टात अचानक कोणाचं कॅव्हेट दाखल झालं की गावात लगेच कळतं, येत्या तीन महिन्यांत कोणाच्या तरी बांधावर जेसीबी येणार. हवामान खात्याचा अंदाज इतका नेमका नसतो.

२०१८ पर्यंत महाराष्ट्रात आणखी एक मजा होती. संहितेला आपल्या राज्याने जोडलेलं कलम ९-अ. मनाईच्या सुनावणीत प्रतिवादीने नुसतं म्हणायचं की या कोर्टाला हा दावा चालवायचा अधिकारच नाही. तसं म्हटलं की आधी तो मुद्दा स्वतंत्र ठरवावा लागे, प्रसंगी पुरावा घेऊन. मनाई मागे राहायची. बांधावरच्या चरात तोवर दोन पावसाळ्यांचं पाणी साचून बेडूक व्हायचे. हे कलम गेलं तेव्हा काही ज्येष्ठ वकिलांचे चेहरे घरचं माणूस गेल्यासारखे झाले होते.

पण या सगळ्या प्रकरणातला माझा आवडता हुकूम वेगळाच. दोन्हीकडचं ऐकून, घड्याळाकडे पाहून, न्यायाधीश लिहितात: पुढील तारखेपर्यंत उभयपक्षांनी परिस्थिती 'जैसे थे' ठेवावी. बाहेर आल्यावर दोन्ही वकील आपापल्या पक्षकाराच्या पाठीवर थाप मारतात. दोघंही जिंकलेले असतात. मागच्यांच्या मते जैसे थे म्हणजे रस्ता होता, तसा. पुढच्यांच्या मते जैसे थे म्हणजे केळी आहे, तशी. शुक्रवारच्या त्या सगळ्या खटाटोपाचं कारण इथे आहे. पुढच्यांना रस्ता जिंकायचा नसतोच, त्यांना सोमवारच्या आत 'जैसे' तयार करून ठेवायचं असतं. 'थे' कोर्ट देतं.

वरच्या कोर्टांना ही युक्ती ठाऊक नाही असं कोणी समजू नये. १९९० साली मुंबईतल्या एका कुटुंबाच्या घराच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की योग्य प्रकरणात कोर्ट नुसती मनाई करून थांबणार नाही, झालेलं मोडून पूर्ववत करायलाही तूर्तातूर्त हुकूम देईल. आणि पूर्ववत म्हणजे भांडण सुरू होण्याआधीची, शेवटची बिनवादाची स्थिती. त्यासाठी केस मात्र नेहमीपेक्षा बरीच बळकट लागते. वाक्य वाचून मन भरून येतं. फक्त शेवटची बिनवादाची स्थिती कधी होती हे यावल तालुक्यात शोधायचं म्हणजे आजोबांची वाटणी व्हायच्या आदल्या दिवशी जावं लागेल. त्या दिवशीही आजी आणि धाकटी आजी बोलत नव्हत्या.

मग ती स्थिती पाहायला आदेश २६, नियम ९ खाली कोर्ट कमिशनर जातो. हा बहुधा नव्याने सनद घेतलेला तरुण वकील. काळा कोट, टेप, वही आणि पायात पॉलिश केलेले बूट. पुढचे त्याला बांधाच्या या बाजूने चहा देतात, मागचे त्या बाजूने शेवभाजी आणि पुरीचं ताट तयार ठेवतात. निःपक्षपातीपणासाठी तो दोन्हीकडे नाही म्हणतो आणि चव्वेचाळीस अंशांत घोटभर गरम पाण्यावर टेप धरतो. एका टोकाला मागच्यांचा मुलगा, दुसऱ्या टोकाला पुढच्यांचा मुलगा. दोघं दहावीत एका बाकावर होते. मागचे ओरडतात, "साहेब, चाकोरी लिहा, चाकोरी!" पुढचे ओरडतात, "ती पाण्याची वगळ आहे!" पुरावा गोळा करून द्यायचं काम कमिशनरचं नाही, दिसेल तेवढंच त्याने लिहायचं. हा मुलगा हुशार निघतो. तो लिहितो: सदर ठिकाणी चाकोरीसदृश खुणा दिसून आल्या. मागच्यांचे वकील अहवालातल्या 'चाकोरी'खाली लाल रेघ मारतात, पुढच्यांचे वकील 'सदृश'खाली. पुढे हा मुलगा न्यायाधीश होणार, यात मला शंका नाही.

मोजणीही होते. गावनकाशावर त्या ठिकाणी तुटक रेघ असते. तुटक रेघ म्हणजे वाट आहे, असं मागचे सांगतात. तुटली आहे, असं पुढचे सांगतात. २०२५ च्या मे महिन्यात शासनाने निर्णय काढला की शेतरस्ते किमान तीन ते चार मीटर रुंद करावेत आणि त्यांची सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' सदरात नोंद घ्यावी. निर्णय चांगला आहे. नोंद झाली तर यावलच्या निम्म्या वकिलांना शेती करावी लागेल. पण गावात तो वाचला गेला तेव्हा ज्यांनी सहा फुटांचा रस्ता द्यायचं तोंडी कबूल केलं होतं, त्यांनीही शब्द मागे घेतला. "आज सहा फूट दिले तर उद्या चार मीटर लिहून नेतील."

युक्तिवादाच्या शेवटी पुढच्यांचे वकील ठेवणीतलं वाक्य काढतात: मनाई ही मेहेरबानीची बाब आहे आणि वादी स्वच्छ हातांनी कोर्टात आलेला नाही. तत्त्व फार जुनं, विलायतेतून आलेलं, आणि आपल्या विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ४१ मध्येही बसवलेलं. पण केळीच्या मुलखात ते लागू करताना अडचण येते. केळीचा चीक एकदा हाताला लागला की साबणाने जात नाही, सदऱ्याला लागला की सदराच जातो. वकिलांनी हे म्हटल्याबरोबर मागचे नकळत आपले काळपट तळवे पाहतात आणि हात पाठीमागे घेतात. न्यायाधीशांना ते अपराध्यासारखं दिसू शकतं. पुढच्यांचे हातही तसेच असतात, पण त्यांना वकिलांनी आधीच खिशात घालायला सांगितलेलं असतं.

निकाल लागतो. समजा मागच्यांना मनाई मिळाली: पुढच्यांनी वाटेत अडथळा करू नये. लगेच आदेश ४३ खाली जिल्हा न्यायालयात अपील, तिथे स्थगितीचा अर्ज. म्हणजे मनाईला मनाई. तिथून रिट याचिका घेऊन औरंगाबाद खंडपीठ. हुकूम मोडला तर नियम २-अ आहे, मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद. त्याचाही अर्ज, त्यावरही कैफियत, तिचाही मजकूर खोटा, खोडसाळ व लबाडीचा. यावलहून खंडपीठाकडे जाणाऱ्या एसटीत पुढचे आणि मागचे बहुधा एकाच बाकावर येतात, कारण पहाटेची गाडी तीच सोयीची. न बोलता शेजारी बसतात. कंडक्टर दोघांचं भाडं एकत्रच मागतो. आडनावं, चेहरे, पिशव्या सगळं सारखं.

आमच्या नमुन्यात मात्र खंडपीठापर्यंत जायची वेळ आली नाही. 'जैसे थे' चालू असतानाच केळीचा भाव चढला. बऱ्हाणपूरहून व्यापाऱ्याचा फोन आला. दोघांची कांदेबाग केळी एकाच वेळी काढणीला आलेली. व्यापारी म्हणाला, पूर्ण गाडी भरत असेल तर पाठवतो, अर्ध्या मालाला ट्रक पाठवणार नाही. मागच्यांकडे अर्धी गाडी होती. पुढच्यांकडे अर्धी गाडी होती. आणि ट्रक फिरून बाहेर पडायला जागा होती ती फक्त मागच्यांच्या बांधाशी.

दोघंही त्याच दुपारी आपापल्या वकिलांकडे गेले, पण दोन वेगळ्या वाटांनी. दोघांनीही विचारलं की हक्क न सोडता, केळी निघेपर्यंत, चार दिवस, काही करता येईल का? दोन्ही वकील चहाच्या टपरीवर भेटले. दुसऱ्या दिवशी कोर्टात संयुक्त पुरसिस दाखल झाली: उभयपक्षांच्या हक्कांस व बचावास कोणतीही बाधा न येता, केळी काढणीपुरते, चार दिवस, वादातील जागेतून मालवाहू वाहन जाऊ-येऊ देण्यास उभयपक्षांची हरकत नाही. न्यायाधीशांनी ती वाचली, चष्म्यावरून दोघांकडे पाहिलं आणि खाली 'पाहिली व नोंदवली' लिहून सही केली. पुरसिशीला निशाणी पडली एकतीस.

ट्रक आली. चर बुजवायला जेसीबी आला, तोच जेसीबीवाला. भरायचे पैसे त्याने खोदण्यापेक्षा जास्त घेतले. मजूर आले, घड उतरून रांगेने मांडले गेले. ड्रायव्हरने फाळका पाडला आणि विचारलं, "आधी कोणाचा माल लावू?" गाडीत तळाला गेलेले घड वरच्यांच्या वजनाने दबतात, काळे पडतात. पुढचे म्हणाले, यांचा लावा खाली, गाडी यांच्या बांधाला आहे. मागचे म्हणाले, यांचा लावा, रस्ता यांच्या शेतातून आहे असं हेच आता कबूल करताहेत.

पुरसिशीत याबद्दल काही लिहिलेलं नव्हतं. दोघांनी एकदमच खिशात हात घातला आणि आपापल्या वकिलांना फोन लावला. ड्रायव्हरने खाली उतरून आंब्याखाली घोंगडी अंथरली. तो यावलचा नव्हता, पण या शिवारात त्याची ही पहिली खेप नव्हती.